जागेवाल्याचा मान

अमेरिकेतल्या बॉथेलच्या आमच्या घरात रविवारी सगळ्यात आधी जाग यायची ती आईच्या बिडाच्या तव्याला. घावण्याचं पीठ तव्यावर पडलं की चर्र आवाज व्हायचा, आणि मी पांघरुणातच ओळखायचे की आज शाळा नाही. बाहेर बहुतेक पाऊस असायचाच. पण तो कोकणातला धो धो नव्हे. दिवसभर नाकातून बोलणाऱ्या म्हाताऱ्यासारखा किरकिरा पाऊस. मागे उंच सीडरची झाडं, त्यांच्या खाली कायमचा ओला काळोख, आणि शेजारच्या घरातून येणारा सोडा घातलेल्या ब्रेडचा वास. आई तिरफळं आणि आमसुलं गावाहून पुडक्यांत बांधून आणायची आणि सामन माशाची आमटी करायची. सामनला ती ‘रावसाचो गोरो भाव’ म्हणायची. बाबा विमानाच्या कारखान्यात इंजिनीअर होते. दिवसभर इंग्रजी बोलून दमायचे, आणि घरी आल्यावर बूट काढता काढताच त्यांची मालवणी सुरू व्हायची. मी सातव्या वर्षी इथे आले आणि बाराव्या वर्षापर्यंत घरात इंग्रजीतून उत्तरं द्यायला लागले, त्यासाठी आईची बोलणीही भरपूर खाल्ली. आज माझी नात माझ्याशी इंग्रजीत बोलते तेव्हा मी काहीच बोलत नाही. केलेलं फेडावं लागतं.

शेजारच्या घरात सॅमकाका आणि नोराकाकू राहायचे. त्यांना काका-काकू म्हणायचं हा आईचा हुकूम. ‘मिस्टर’ म्हणायला ते काय शाळेत मास्तर आहेत, असं तिचं म्हणणं. दोघंही आयर्लंडच्या उत्तरेकडचे, एकाच खोऱ्यातले, तरुणपणी लग्न करून इथे आलेले. मूलबाळ नव्हतं. सॅमकाका उंच, हडकुळे, सुतारकाम करणारे. एक शब्द बोलायचा तर आधी दोनदा मोजून घेणारे. नोराकाकू बुटकी आणि बडबडी. तिने परसात बटाट्याचे वाफे केले होते आणि उकडलेला बटाटा ती सालासकट खायची. आईची उकड्या तांदळाची पेज तिला भारी आवडायची. त्या दोघी ओट्याशी बसून पेज पीत, आणि एकमेकींचं इंग्रजी निम्मंच कळत असूनही तासन्‌तास बोलत. काय बोलत, ते मला अजून कळलेलं नाही.

मी बारा वर्षांची होते, त्या वर्षी बाबांनी मिरच्या आणि वांगी लावायचं मनावर घेतलं. आमच्या आणि सॅमकाकांच्या कुंपणांमध्ये काटेरी झुडपांचा एक पट्टा माजला होता. त्या झुडपाचं इथलं नाव ‘हिमालयन ब्लॅकबेरी’. नाव ऐकून बाबा खूश झाले होते, म्हणाले आपल्याकडचंच आहे. सॅमकाकांनी सांगितलं की हिमालयाशी त्याचा काही संबंध नाही, कुणीतरी हौसेने इथे आणून लावलं आणि मग त्याने सगळा मुलूख खाल्ला. नोराकाकू वाफ्यातून मान वर करून म्हणाली, “लावलेल्या गोष्टी असंच करतात, सॅम.” त्या बोलण्यात काटा आहे एवढं मला कळलं; कुठला, ते कळलं नाही.

बाबांनी दोन शनिवार कोयता चालवला आणि तिसऱ्या शनिवारी ओल्या मुळावरून घसरून पायाचं हाड मोडून घेतलं. आईला कारण लगेच सापडलं. “जागेवाल्याक इचारूक नाय, म्हणान पाय मोडलो,” ती म्हणाली. पाच वर्षं झाली या घराला, सत्यनारायण केला, वास्तुशांत केली, पण जागेच्या मूळ मालकाला कुणी नारळ दिला? आमच्याकडे असा समज की प्रत्येक जागेला एक राखणदार असतो. तुमच्या आधी जो तिथे नांदला, ज्याने ते रान पहिल्यांदा तोडलं, तो गेला तरी जागा सोडत नाही. तुम्ही कागद करा, कुंपण घाला, तो आपला तिथेच. त्याला हाक मारून गाऱ्हाणं घालायचं, चुकलंमाकलं कबूल करायचं, त्याचा मान त्याला द्यायचा आणि मग काय हवं ते मागायचं. एकाने गाऱ्हाणं घालायचं आणि जमलेल्यांनी प्रत्येक वाक्याला ‘होय म्हाराजा’ म्हणायचं. हल्ली आमच्या गल्लीत पुण्याची, नागपूरची मुलं घरं घेतात, स्क्रीनवर गुरुजी बसवून छान वास्तुशांत करतात, आणि मला हौसेने बोलावतात. मी जाते, शिरा खाते. पण या जागेत आधी कोण होतं हे एकानेही विचारलेलं नाही. मीही पाच वर्षांत विचारलं नव्हतं, तेव्हा त्यांना कुठल्या तोंडाने नावं ठेवू?

बाबांना प्रश्न पडला, हाक मारायची कुणाला? मी शाळेत बाईंना विचारलं. त्यांनी पुस्तकातला एक परिच्छेद दाखवला. नदीकाठी लोक राहायचे, मासे पकडायचे, सीडरच्या लाकडाची लांब घरं बांधायचे, मग इतर लोक आले. एवढंच. पहिल्यांचं एकाचंही नाव नव्हतं. “चलात,” बाबा म्हणाले. “जागेवालो म्हणान हाक मारतंय. तेका कळतला.” रविवारी सकाळी पाऊस थांबलेला बघून आम्ही त्या पट्ट्यात गेलो. केळीच्या पानाऐवजी फॉइल पेपर, त्यावर नारळ, विडा, दहीभात. बाबा प्लॅस्टरचा पाय खुर्चीवर ठेवून बसलेले. ‘होय म्हाराजा’ म्हणायला माणसं हवीत म्हणून आईने शेजाऱ्यांनाही बोलावलं. मी त्यांना दोन शब्द शिकवले आणि कधी म्हणायचे ते सांगितलं.

“बा जागेवाल्या म्हाराजा,” बाबांनी सुरुवात केली. कारखान्यात कधी न निघणारा, गावच्या देवळातला आवाज लागला होता त्यांना. “आमी परक्या मुलखातली माणसां. तुका इचारल्याशिवाय हय घर केलां, रान तोडलां. ता मनात धरू नको रे म्हाराजा.”

“होय म्हाराजा,” आई आणि मी म्हणालो. नोराकाकू जरा मागून, पण ठणठणीत म्हणाली. सॅमकाका टोपी हातात धरून नुसते उभे. “तो काय म्हणतोय?” नोराकाकूने माझ्या कानाशी विचारलं. मी जमेल तसं इंग्रजीत सांगितलं, की आमच्या आधी ही जमीन ज्याची होती त्याला सॉरी म्हणतायत.

ती सॅमकाकांकडे वळून, अगदी हळू, म्हणाली, “ऐकलंस? चारशे वर्षांत तुमच्या घरातून हे कुणाच्या तोंडून निघालं नाही. हा माणूस पाच वर्षांपूर्वी आला.” सॅमकाकांनी टोपी डोक्यावर घातली आणि ते घरी निघून गेले. बाबांनी गाऱ्हाणं पुरं केलं, नारळ फोडला, पण कुणाचं लक्ष राहिलं नव्हतं.

नोराकाकू आमच्या स्वयंपाकघरात येऊन बसली. आईने पेज पुढे ठेवली. तिने हातसुद्धा लावला नाही आणि सगळं सांगून टाकलं. तिच्या मुलखात तिकडच्या सरदारांच्या जमिनी इंग्लंडच्या राजाने जप्त केल्या आणि स्कॉटलंड-इंग्लंडमधून माणसं आणून त्यांच्यावर बसवली. इंग्रजीत त्याला प्लँटेशनच म्हणतात. माणसांची लागवड. मोठमोठ्या जमिनी ज्यांना मिळाल्या त्यांच्याकडून लिहून घेतलं, की आपलीच माणसं आणून बसवू, तिथल्या मूळच्यांना ठेवणार नाही. खालची काळी, ओलीशार जमीन सॅमकाकांच्या पूर्वजांकडे गेली. नोराकाकूचे लोक वर डोंगरात, दगडात आणि चिखलात ढकलले गेले. तिच्या लहानपणीसुद्धा तिची आजी वरून बोट दाखवून खालच्या शेतांची नावं सांगायची, जुन्या भाषेतली, एकेका शेताचं वेगळं नाव. आणि तिने त्या खालच्या घरातल्या मुलाशी लग्न केलं. त्याचा बाप लग्नाला आला नाही, हिचे भाऊ बोलायचे बंद झाले. म्हणून दोघांनी बोट धरली.

आता सॅमकाकांचा बिनलग्नाचा भाऊ वारला होता आणि ते शेत त्यांच्या नावावर झालं होतं. वकिलाचं पत्र महिनाभर टेबलावर पडून होतं. तिथला एक शेतकरी, सॅमकाकांच्याच प्रोटेस्टंट पंथाचा, चांगली किंमत द्यायला तयार होता. आपली जमीन आपल्यातच राहावी, त्या बाजूला, नोराकाकूच्या कॅथलिकांकडे, जाऊ नये, अशी तिकडे रीतच. आणि नोराकाकूचा भाचा डोनल वर डोंगरात मेंढ्या पाळायचा आणि दरवर्षी वर्षाच्या बोलीवर तेच खालचं शेत चरायला घ्यायचा. “ते डोनलला मिळावं, एवढंच मला हवंय,” ती म्हणाली. “पण मी मागणार नाही. मागितलं की मी त्याची बायको राहत नाही, डोंगरावरची होते. त्याने आपणहून द्यायला हवं.”

बाबा मनातून सॅमकाकांच्या बाजूचे होते, हे मला ठाऊक होतं. आमचे खापरपणजोबा कुणा राजाच्या सनदेवर परमुलखातून येऊन गावचे खोत झालेले. खोत म्हणजे सरकारचा सारा गोळा करणारा आणि कागदोपत्री गावचा धनी. मग कुळकायदा आला, कसणाऱ्याची जमीन झाली आणि आमची शेतं गेली. ‘आमची जमीन कुळांनी खाल्ली’ हे वाक्य मी बाबांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलंय, की पाढ्यांच्या आधी ते पाठ झालं असेल. आई त्यावर ठरलेलं उत्तर द्यायची, “तुमच्या बापाशीन कधी नांगराक हात लावल्यान?” मग दोघंही जेवायला बसायचे.

दार वाजलं. सॅमकाका बायकोला न्यायला आले होते, पण आत न येता उंबऱ्यातच थांबले. म्हणाले, “माझे लोकही उपाशीच आले होते, नोरा. त्यांना कुणी वाडे दिले नाहीत. दगड वेचून वेचून त्यांनी ते शेत केलं. एका जागी किती वर्षं राहिलं म्हणजे माणूस तिथला होतो? सांग मला. कुणीतरी आकडा सांगा.”

आज माझी साठी उलटली, या गावात पन्नासच्या वर वर्षं झाली, आणि दुकानात कुणी ‘तुम्ही मूळच्या कुठल्या’ विचारलं की मी अजून अडखळते. तेव्हा बारा वर्षांची मी सॅमकाकांच्या बुटांवरचा चिखल बघत बसले. मला ते दोघंही खरे वाटत होते.

नोराकाकूने बाबांना विचारलं, “तुमच्या गावात हे मघाचं गाऱ्हाणं कोण घालतं? जमिनीचा मालक?” बाबा उत्तर द्यायला गेले आणि थांबले. त्यांनी प्लॅस्टरवरून हात फिरवला. मग म्हणाले, “नाही.” आणि पुढचं ते सावकाश, इंग्रजीत, एकेक शब्द शोधत बोलले. गाऱ्हाणं घालायचा मान गावकराचा, म्हणजे जी घराणी गावात सगळ्यात आधी वसली त्यांचा. आमच्या गावात तो मान बाबल नावाच्या म्हाताऱ्याकडे होता. बाबल आमचंच कूळ, आमचीच शेतं कसायचा. एरवी तो आमच्या पडवीच्या खाली, अंगणात उभा राहायचा. पण जत्रेच्या दिवशी तो अनवाणी देवळात पुढे उभा राहून देवाला हाक मारायचा आणि बाबांचे आजोबा, जरीचा रुमाल डोक्याला बांधून, त्याच्या मागे हात जोडून प्रत्येक वाक्याला ‘होय म्हाराजा’ म्हणायचे.

“कागद आमचा,” बाबा म्हणाले. “पण देवाला हाक मारायचा हक्क आमच्याकडे कधीच नव्हता. खरं तर मघाशी मीही चूक केली. मी घालायला नको होतं गाऱ्हाणं. इथे दुसरं कुणी नव्हतं म्हणून घातलं.” हे त्यांना त्या क्षणापर्यंत सुचलंच नव्हतं, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं. आई पेजेचं भांडं हातात धरून त्यांच्याकडे बघत राहिली. त्या दिवशी तिने नांगराचं वाक्य टाकलं नाही.

सॅमकाकांनी विचारलं, “आणि तुझे आजोबा सगळ्यालाच हो म्हणायचे? तो म्हातारा काहीही म्हणाला तरी?”

“काहीही. गाऱ्हाण्यात नाही म्हणायची सोय नसते.”

सॅमकाकांनी मान हलवली आणि नोराकाकूचा कोट पुढे केला. दोघं चिखलातून घरी गेले.

पुढचे दोन आठवडे शेजारी नुसती शांतता होती. सुतारकामाचा आवाज नाही, ब्रेडचा वास नाही. मग कळलं की दोघं आयर्लंडला निघालेत, शेताचा व्यवहार उरकायला. आईने नोराकाकूला विचारलं, कुणाला? तिने नुसते खांदे उडवले. निघायच्या आदल्या दुपारी मी पायरीवर गृहपाठ करत होते. सॅमकाका कुंपणाशी आले, खिशातून वकिलाचा लिफाफा काढून पाठकोरी बाजू पुढे केली आणि म्हणाले, “वैजू, ते दोन शब्द लिहून दे. नीट, मला वाचता येतील असे.” मी इंग्रजी अक्षरांत मोठ्ठं लिहिलं आणि खाली ‘प्रत्येक वाक्यानंतर’ अशी सूचनाही लिहिली. तेव्हा मी भारीच शिस्तीची होते. त्यांनी ते ओठांतल्या ओठांत दोनदा म्हणून पाहिलं आणि घडी घालून ठेवलं. मला वाटलं, नोराकाकूच्या लक्षात राहावं म्हणून हवं असेल. मी आईला सांगायलाही विसरले.

तीन आठवड्यांनी ते परतले. नोराकाकू सामान तसंच टाकून, कोटसुद्धा न काढता आमच्याकडे आली. आईने पेज ठेवली. या वेळी तिने ती संपवली, आणि मग सांगितलं. सही करायच्या आदल्या सकाळी सॅमकाकांनी तिला शेतात नेलं. मधोमध उभं केलं. नारळ तिथे कुठून मिळणार, म्हणून घरून एक पाव घेतला होता. ते तिच्या दोन पावलं मागे जाऊन टोपी काढून उभे राहिले आणि म्हणाले, “हा मान तुझा आहे. बोल.”

“मला कुठे येतंय,” ती आईला म्हणाली. “मी आजीने सांगितलेली शेतांची नावं घेतली. जेवढी आठवत होती तेवढी. माझ्या मेलेल्यांना हाक मारली. मग वाटलं, त्याचेही त्याच मातीत आहेत, तेव्हा त्यांनाही मारली. म्हटलं, यांनी दगड वेचले तेही खरं आणि आम्ही दगडात गेलो तेही खरं, तुम्ही आता भांडू नका. प्रत्येक वेळी मागून त्याचा आवाज यायचा, तुझ्या पोरीने लिहून दिलेला. चष्मा लावून, कागद धरून वाचत होता. शेवटी मागायचं असतं ना? तर मी मागितलं. डोनलला दे म्हटलं.”

मी विचारलं, मग काका काय म्हणाले?

“दुसरं काय म्हणणार? कागदावर दोनच शब्द होते,” ती म्हणाली, आणि हसता हसता तिने डोळ्यांना पदरासारखा कोटाचा काठ लावला.

शेत डोनलला दिलं ते सॅमकाकांना सुखाचं गेलं नाही, हेही तिने सांगितलं. जो शेतकरी विकत घेणार होता त्याने हातात हात दिला नाही. सॅमकाका आईबापांच्या थडग्यावर फुलं ठेवायला गेले तेव्हा चर्चच्या दारातली ओळखीची माणसं बाजूला बघत राहिली. ते पुन्हा कधी तिकडे गेले नाहीत. बाबांनी मात्र त्यानंतर ‘कुळांनी खाल्ली’ हे वाक्य उच्चारल्याचं मला आठवत नाही. पुढच्या मे महिन्यात गावी गेलो तेव्हा ते बाबलच्या नातवाच्या घरी गेले, त्याच्या अंगणात उभे राहिले, आणि त्याने ‘वर येवा’ म्हटल्यावरच पडवीत चढले. मिरच्या त्या पट्ट्यात छान झाल्या. वांगी कधीच झाली नाहीत. ब्लॅकबेरी दरवर्षी परत येते.

सॅमकाका गेल्यावर काही वर्षांनी मी नोराकाकूजवळ बसले होते. मी तोवर दोन मुलांची आई झाले होते. मी तिला विचारलं की ती मागणार काय, हे सॅमकाकांना त्या सकाळी माहीत होतं का. ती म्हणाली, तिनेही विचारलं होतं, परतीच्या विमानात. ते खिडकीबाहेर बघत म्हणाले, “वैजूकडून शब्द लिहून घेतले, तेव्हाच.”